पाटकरांकडची नवमी

"शैला, बाहेर ये गं, तुझ्याकडे आलेत," अशी काकूंची हाक आली तेव्हा माझे दोन्ही हात कणकेत होते. माझ्याकडे कोणी येत नसे. ठाण्यात राहायला येऊन पाच वर्षं होत आली होती, आणि एवढ्या दिवसांत माझं नाव घेऊन दारात आलेलं माणूस म्हणजे पोस्टमन. तशीच कणकेच्या हातांनी बाहेर गेले आणि बघते तर दारात आकाशवाणी.

माझी पाचावर धारण बसली.

आकाशवाणी हे मी ठेवलेलं नाव. खरं नाव मला माहीत नव्हतं आणि जाणून घ्यायचंही नव्हतं. मी नावं ठेवतच असे. बसस्टॉपवर रोज पावणेनऊला दिसणारा, बारा महिने छत्री घेऊन फिरणारा माणूस म्हणजे वेधशाळा. भाजी घेताना प्रत्येक जुडीचा वास घेणारी बाई नाकाबाई. त्यांना मुलंबाळं, सुना, भांडणं, सगळं मी मनातल्या मनात देऊन टाकायचे. वेधशाळेचं आणि त्याच्या भावाचं घरावरून बिनसलं होतं, नाकाबाईच्या सुनेला दिवस गेले होते. एकट्या बाईला शहरात दुसरा उद्योग काय असतो? ऑफिसात टाइपरायटरशी बोलायचं नि घरी आल्यावर दुधाच्या पातेल्याशी.

पण आकाशवाणीची गोष्ट वेगळी. तो मला बसस्टॉपवर नव्हे, माझ्या खिडकीतून दिसायचा. देवस्थळी काकूंच्या ब्लॉकमधली मागची खोली माझी. तिच्या खिडकीला लागूनच ओटा आणि गॅस. आमच्या इमारतीची पाठ आणि पलीकडच्या इमारतीची पाठ यांच्यामध्ये आठ फुटांची गटारगल्ली. दारं मात्र दोन वेगळ्या रस्त्यांना. समोरच्या खिडकीत रोज संध्याकाळी मी ऑफिसातून आले की तो येऊन उभा राहायचा. साठीपुढचा, बनियन आणि पायजमा, चष्मा. माझ्याकडे बघायचा, ओठ हलवायचा, मग मान खाली घालायचा, पुन्हा बघायचा, पुन्हा ओठ हलवायचा. रेडिओवर बातम्या वाचणारे कागदात बघून वाचत असतील ना, अगदी तसं. आवाज कधी ऐकू आला नाही. म्हणून आकाशवाणी.

पहिली तीनेक वर्षं मी हसण्यावारी नेलं. मीही दिवसभर लोकांकडे बघतच असे, कुठल्या तोंडाने बोलणार? म्हातारा भ्रमिष्ट असेल, एकटा असेल, असं म्हणून सोडून देत होते. मग एका संध्याकाळी माझं दूध उतू गेलं, ओट्यावरून खाली सांडलं. मी फडकं शोधत, दुधाला शिव्या घालत गरागरा फिरतेय, आणि वर बघितलं तर हा माणूस माझ्याकडे बघून मनापासून हसत होता. माझं डोकंच फिरलं. आधी खिडकीला जुनी साडी लावून बघितली, तर फोडणीच्या धुराने जीव जायची वेळ आली. शेवटी आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींना गाठलं. समोरचा म्हातारा रोज टक लावून बघतो, मला लाज वाटते, एवढंच सांगितलं. ते आणखी दोघांना घेऊन गेले, काय बोलले देव जाणे. चार दिवसांत त्या खिडकीला आतून प्लायवूड ठोकलेलं दिसलं. सुंठीवाचून खोकला गेला, असं मी काकूंना म्हटलं. खरं सांगते, पहिला आठवडाभर संध्याकाळी घरी आल्यावर चुकल्याचुकल्यासारखं वाटायचं. पण ते मी कोणाला सांगितलं नाही.

त्याला पावणेदोन वर्षं झाली होती. आणि आता तो माणूस काकूंच्या दारात उभा होता. इस्त्रीचा पांढरा सदरा, हातात पितळेचा कुंकवाचा करंडा. भांडायला आलेला माणूस करंडा घेऊन येत नाही, एवढं मला कळलं.

"मी पाटकर. मागच्या इमारतीतला," ते म्हणाले. माझ्याकडे बघत नव्हते, करंड्याकडे बघत होते. "रविवारी अविधवा नवमी आहे. माझी बायको गेल्या वर्षी श्रावणात वारली. यंदा नवमीला सवाष्ण जेवायला घालायची. तुम्ही यावं, अशी विनंती करायला आलोय."

नवऱ्याआधी गेलेल्या बाईच्या नावाने पितृपंधरवड्यात एक नवरा असलेली बाई जेवू घालतात, हे काय मला माहीत नव्हतं? आमच्या धुळ्याला माझ्या आईला वर्षात तीन-तीन घरची बोलावणी असत. मला बोलावणं येण्याचं मात्र काही कारण नव्हतं, कारण मी सवाष्ण नव्हते. विधवाही नव्हते. माझं लग्नच झालेलं नव्हतं.

गळ्यात मंगळसूत्र होतं, ते मी स्टेशनजवळच्या फुटपाथवर घेतलं होतं. आम्ही दुसाने, जातीचे सोनार. सोनाराच्या लेकीने पितळेच्या वाट्या गळ्यात बांधल्या हे दादांनी बघितलं असतं तर आधी पितळ म्हणून चिडले असते आणि खोटं म्हणून नंतर. पण मी तरी काय करणार? सात खोल्या बघितल्या. सगळीकडे एकच उत्तर, एकटी बाई नको. आठव्या खोलीला मी मंगळसूत्र घालून गेले, नवरा मस्कतला असतो म्हणाले, आणि देवस्थळी काकूंनी चहा करून दिला. तेव्हापासून नवरा मस्कतला. त्याचं पोट नाजूक होतं, त्याला सुट्टी मिळत नव्हती, एकदा त्याला कावीळसुद्धा झाली होती. घरी आले की मंगळसूत्र काढून खिडकीजवळच्या खिळ्याला अडकवायचे, कारण घामाने पितळ मानेवर काळं उतरायचं.

मी तोंड उघडायच्या आत काकू म्हणाल्या, "येईल की. का नाही येणार? पुण्याचं काम आहे." त्यांनीच करंडा हातात घेतला, कारण पाटकरांना कुंकू आपण लावायचं की कोणाकडून लावून घ्यायचं हेच कळत नव्हतं. काकूंनी माझ्या कपाळाला कुंकू टेकवलं. झालं. आता नाही म्हणायचं तर का नाही ते सांगावं लागणार, आणि ते सांगितलं की खोली गेली.

मधले चार दिवस माझे कसे गेले ते माझं मला ठाऊक. चोराच्या मनात चांदणं. म्हाताऱ्याला संशय आला असेल, सूड घ्यायला बोलावतोय, असंही वाटून गेलं. एकट्या पुरुषाच्या घरी जायचं म्हणजे काय, असंही. त्यांच्याकडे स्वयंपाकाच्या पार्वतीबाई असतात, त्या आमच्याच जिन्यावर दोन घरी पोळ्या करतात, असं काकूंनी सांगितलं तेव्हा तेवढा जीव भांड्यात पडला. पण खरी भीती ती नव्हतीच. मी काही फार देवभोळी नाही. पण आई म्हणायची, मेलेल्या माणसाच्या पानावर खोटं बसू नये, त्याचा घास अडकतो. पाच वर्षं मी जिवंत माणसांना फसवत होते, त्याचं मला काही वाटलं नव्हतं. ही बाई मेलेली होती, तिला उलट विचारताही येणार नव्हतं. शेवटी मी ठरवलं, जायचं, पाटावर बसायच्या आधी एकट्या पाटकरांना खरं सांगायचं, पाया पडायचं आणि परत यायचं. काकूंना सांगू नका एवढी भीक मागायची. ठेवली लाज तर ठेवली.

रविवारी हिरवी साडी नेसले. आठ फुटांवरच्या घरी जायला दोन रस्ते फिरून दहा मिनिटं लागली.

दार पाटकरांनीच उघडलं. आत खिरीचा आणि तळणाचा वास भरला होता. स्वयंपाकघरातून पार्वतीबाईंनी मान बाहेर काढली, मला ओळखून हसल्या आणि पुन्हा कढईकडे वळल्या. पाटकरांनी मला आतल्या खोलीत नेलं. जमिनीवर पाट, पुढे केळीचं पान मांडलं होतं. आणि भिंतीला लागून, खिडकीच्या बरोबर खाली, लोखंडी खाट होती. इस्पितळात असते तशी, डोक्याकडची बाजू दांड्याने वर करता येते ती. गादी गुंडाळून ठेवलेली, तिच्यावर हार घातलेला फोटो. गोल चेहऱ्याची बाई, कपाळावर मोठं कुंकू.

मी खाटेकडे बघितलं. मग खिडकीकडे. खिडकीची कड खाटेपेक्षा चांगली हातभर वर होती. बाहेरून बघणाऱ्याला खाट कधीच दिसली नसती.

"ह्या इथे असायच्या?" मी विचारलं.

"सहा वर्षं," पाटकर म्हणाले. "कमरेखाली काही नव्हतं. मानही फार वळायची नाही."

तो खाली मान घालायचा तेव्हा कागद बघत नव्हता. तो कोणाशी तरी बोलत होता. एवढी वर्षं मी त्या खिडकीत एकच माणूस बघत होते आणि तिथे दोघं होती. जगातल्या बायाबापड्यांना सुना नि नातवंडं वाटत फिरणारी मी, समोरच्या घरात एक बायको असेल हे मला एकदाही सुचलं नाही.

कसं बोलायचं ते चार दिवस घोकलेलं सगळं विसरले. गळ्यातलं मंगळसूत्र काढून मुठीत धरलं आणि म्हणाले, "काका, मी सवाष्ण नाही. माझं लग्न झालेलं नाही. हे खोटं आहे."

"माहीत आहे," ते म्हणाले. "घाला ते गळ्यात. परत जाल तेव्हा देवस्थळीबाई बघतील."

मी ते मुठीतच धरून ठेवलं.

त्यांनी मला खुर्ची दिली, आपण खाटेच्या कडेवर टेकले आणि सांगायला लागले. रडगाणं नव्हतं, हिशेब सांगावा तसं सरळ सांगत होते. मंदाकिनीबाईंना आजार झाल्यावर कोणी भेटायला आलेलं खपत नसे. लाज वाटायची. माणसं बंद झाली. मग त्या विचारायच्या, बाहेर काय चाललंय? बाहेर होती एक भिंत आणि तिच्यात एक खिडकी. त्या खिडकीत एक दिवस मी राहायला आले. तेव्हापासून पाटकर संध्याकाळी उभे राहून त्यांना माझ्या बातम्या द्यायचे. आली. पिशवी ठेवली. आज शेपू आणलाय. केस धुतलेत. गळ्यातलं काढून खिळ्याला अडकवलं, चहा टाकला.

"मला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं," पाटकर म्हणाले. "हीच म्हणाली. म्हणाली, अहो, नवरा असलेली बाई घरात पाऊल टाकल्या टाकल्या मंगळसूत्र काढून खिळ्याला टांगत नाही. पोरीने ते बाहेरच्यांसाठी घातलंय. एकटी आहे ती. कोणाला बोलू नका."

म्हणजे माझ्या शेजारच्या खोलीत राहणाऱ्या काकूंना पाच वर्षांत जे कळलं नाही, ते मला कधी न बघितलेल्या बाईने पडल्या पडल्या ओळखलं होतं.

"आणि तुमचं दूध उतू गेलं होतं बघा एकदा," ते म्हणाले. "मी हसलो, तुम्ही बघितलंत. मी सांगत होतो तिला, आता फडकं शोधतेय, फडकं खांद्यावरच आहे. तर ही म्हणाली, आपल्याला लेक असती तर अश्शीच वेंधळी निघाली असती. म्हणून हसलो."

मी सांगून टाकलं. "तक्रार मी केली होती काका."

"समोर खिडकी एकच आहे," ते म्हणाले. "कोणी केली हे विचारायला कशाला हवं? आणि तुमचं चुकलं काय? विचारल्याशिवाय बघत होतो आम्ही. त्या लोकांना काय सांगणार, की बायकोसाठी परक्या बाईकडे बघतो? मीच प्लायवूड लावलं, म्हणजे सवयीने नजर जायला नको."

"आणि त्यांना काय सांगितलंत?"

ते म्हणाले, "तिला सांगितलं, मागच्या भिंतीचं काम निघालंय, म्हणून खिडकी झाकलीय. पण फट आहे, मला दिसतं."

"फट होती?"

"नव्हती."

मार्गशीर्षापासून श्रावणापर्यंत आठ महिने तो माणूस रोज संध्याकाळी बंद लाकडासमोर उभा राहून बायकोला माझं आयुष्य सांगत होता. आली. पिशवी ठेवली. सुरुवातीला जुनंच फिरवून फिरवून सांगितलं, मग पुरेना, मग मनाने रचायला लागले. मला त्यांनी एक मांजर दिलं, पिवळं. ऑफिसातली एक मैत्रीण दिली, ती रविवारी यायची आणि आम्ही दोघी ओट्याशी हसत बसायचो. मला पेटी शिकायला लावलं.

"तुमचं पुष्कळ चांगलं झालं होतं त्या आठ महिन्यांत," पाटकर म्हणाले.

खरं तर त्या आठ महिन्यांत माझं काहीच झालं नव्हतं. मी तशीच येत होते, पिशवी ठेवत होते. एवढंच की आता मला कोणी बघत नव्हतं. तेच तर मी मागितलं होतं.

"त्यांना खरं वाटायचं?" मी विचारलं.

"कोण जाणे. हुशार होती. मांजराचं नाव काय ठेवलंय विचारायची, मी गडबडायचो, तर हसायची." त्यांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला. "एक प्रश्न मात्र रोजचा. पहिल्यापासूनचा. बसून जेवली का? तुम्ही उभ्याने जेवता. गॅसपाशी, पातेल्यातूनच. ते मी एकदा बोलून गेलो होतो, तिने धरूनच ठेवलं. रोज विचारायची, आज बसली का? बाकी सगळं खोटं सांगितलं, तेवढं नाही सांगवलं. नाही म्हणायचो. मग म्हणायची, उद्या बसेल."

मी उभ्याने जेवते हे मला माहीत नव्हतं. म्हणजे जेवत होतेच उभ्याने, पण ते कोणी सांगितल्याशिवाय कळलं नव्हतं. पाट कोणासाठी मांडायचा? ताट कशाला खरकटं करायचं?

"जायच्या आधी म्हणाली, माझी नवमी कराल तेव्हा तिला बोलवा. मी म्हटलं, अगं ती सवाष्ण कुठेय? चालत नाही ते. तर म्हणाली, सवाष्णींना जेवायला बोलावणारे गावभर आहेत, हिला कोण बोलावणार? बसवून जेवू घाला म्हणजे झालं. शास्त्राचं माझं मी बघते वर जाऊन." पाटकर उठले. "गेल्या वर्षी वर्षश्राद्ध व्हायचं होतं, म्हणून यंदा."

त्यांनी खिडकीपाशी जाऊन प्लायवूडला हात घातला. खिळे आधीच काढून ठेवले असावेत. फळी सहज निघाली. खोलीत उजेड आला आणि समोर माझी खोली दिसली. इतक्या जवळ. ओटा, गॅस, दुधाचं पातेलं, खिळा. ओटा आणि भिंत यांच्यामधली दोन पावलांची जागा, जिथे मी पाच वर्षं उभी होते. आपण घरात नसताना आपलं घर कसं दिसतं ते कोणी बघू नये.

"बसा आता," ते म्हणाले. "पार्वतीबाई खोळंबल्यात."

मंगळसूत्र पुन्हा गळ्यात अडकवलं आणि मी पाटावर बसले. मांडी घातली. खाली बसल्यावर माझी खोली दिसेनाशी झाली. खिडकीच्या वरच्या अर्ध्या भागात नुसती भिंत आणि बोटभर आभाळ. मंदाकिनीबाईंना सहा वर्षं फार तर एवढंच दिसलं असणार. पार्वतीबाईंनी वाढलं. भात, कढी, गवार-भोपळ्याची भाजी, वडे, वाटीत खीर. पानाशेजारी खण आणि नारळ होता. ओटी कोणी भरायची हे पाटकरांनी कोणाला विचारलं नव्हतं, त्यामुळे तो तसाच राहिला. मी फोटोला नमस्कार केला आणि पहिला घास घेतला. तो घास अडकला नाही, याचं मला आजही नवल वाटतं.

आज मी साठीला टेकले आहे. त्या माणसाकडे पुढे चार नवम्यांना गेले, तेही गेले, ती इमारतही राहिली नाही. काकूंना मी कधी खरं सांगितलं आणि काय झालं, त्या सगळ्या पुढच्या गोष्टी. पण त्या दुपारी त्यानंतर जे झालं, त्यातून मी अजून सावरलेले नाही.

मी जेवत होते आणि पाटकर खाटेच्या डोक्याशी, खिडकीला पाठ करून उभे राहिले. माझ्याकडे बघितलं. ओठ हलले. मग मान खाली घातली, गुंडाळलेल्या गादीकडे. पुन्हा माझ्याकडे बघितलं. तीच सवय, तोच माणूस. फक्त आता मध्ये गल्ली नव्हती आणि मला पहिल्यांदाच ऐकू येत होतं.

"बसलीय गं," ते सांगत होते. "मांडी घालून बसलीय. हिरवी साडी नेसलीय. वडा घेतला. आता खीर भुरकतेय."

माझा हात पानातच थांबला. डोळ्यांतलं पाणी गालावर आलं ते पुसायला हात रिकामा नव्हता.

पाटकरांनी ते बघितलं. गादीकडे वाकले, काहीतरी ऐकल्यासारखं केलं, आणि मान हलवली.

"छे गं, रडत नाहीये," ते म्हणाले. "कढीतली मिरची लागली असेल."